आठ आठवडे कधीच संपले, ताई

वाचक भगिनीचं पत्र, थोडं आटोपशीर करून:

"नमस्कार मॅडम. मी मराठवाड्यात तालुक्याच्या गावी राहते. माझे मिस्टर इथल्या अनुदानित माध्यमिक शाळेत लिपिक होते. १९८७ ला लागले, २०१६ ला रिटायर झाले. मधल्या साडेतीन वर्षांच्या सेवेला मान्यता नाही म्हणून त्यांची पेन्शन अडवली. २०१९ मध्ये त्यांनी हायकोर्टाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात रिट याचिका केली. केस चालू असतानाच २०२१ मध्ये ते गेले. वारस म्हणून माझं नाव लागलं. १४ फेब्रुवारी २०२५ ला निकाल आमच्या बाजूने झाला. साडेतीन वर्षांची सेवा पेन्शनसाठी धरावी, आदेशाची प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत प्रस्ताव महालेखापालांकडे पाठवावा, आणि वेतननिश्चितीच्या आमच्या निवेदनावर सहा आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा, असा आदेश आहे. ३ मार्चला मुलाने शिक्षणाधिकारी कार्यालयात प्रत दिली, पोच घेतली. नंतर सहा स्मरणपत्रं दिली, ऑनलाइन तक्रारही केली. ऑगस्टमध्ये वेतननिश्चितीचं निवेदन अमान्य केल्याचं पत्र आलं. पेन्शनबद्दल अक्षर नाही. फाईल विधी व न्याय विभागाकडे अभिप्रायाला गेलीय म्हणतात. जुने साहेब बदलून गेले, नवे म्हणतात हे माझ्या काळातलं नाही. एक बाबू मुलाला म्हणाला, 'कोर्टात गेला होतात ना, मग पैसेही कोर्टाकडूनच घ्या.' मुलगा म्हणतो अवमान याचिका टाकू आणि साहेबाला आत घालू. दीर म्हणतात साहेबलोकांशी वैर घेऊ नका, फाईल कायमची बसेल. मागच्या वकिलांची थोडी फी अजून द्यायची राहिली आहे. मिस्टर शेवटपर्यंत म्हणायचे, निकाल लागला की सगळं होईल. मी काय करू?"

ताई,

तुमचं पत्र वाचून झाल्यावर मी आधी कॅलेंडर काढलं. दीर काय म्हणतात, मुलगा काय म्हणतो, त्याकडे नंतर वळू. ३ मार्चला प्रत दिली. तिथून आठ आठवडे, म्हणजे छप्पन्न दिवस, २८ एप्रिल २०२५ ला संपले. कोर्टाचा आदेश न पाळणं हा अवमान, आणि न्यायालयाच्या अवमानाचा कायदा १९७१ चा आहे. त्याचं कलम २० सांगतं की अवमान घडल्यापासून एक वर्ष उलटलं की कोर्टाला कारवाई सुरू करता येत नाही. तुमचं पत्र माझ्या हाती जानेवारी २०२६ च्या दुसऱ्या आठवड्यात आलं. म्हणजे तुमच्याकडे जेमतेम साडेतीन महिने उरलेत. वर्षाच्या आत याचिका दाखल झाली की पुरतं, पुढे सुनावणी लांबली तरी बिघडत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्येच स्पष्ट केलंय. पण दाखल व्हायलाच हवी. आणि एप्रिलच्या शेवटच्या आठवड्याची वाट बघू नका. कार्यालयीन त्रुटी निघतात, एखादं पान अस्पष्ट असतं, प्रतिज्ञापत्रावर सही राहते. फेब्रुवारीतच हे काम उरका.

तुम्ही दिलेल्या सहा स्मरणपत्रांनी ही मुदत एका दिवसानेही वाढलेली नाही. हे मी मुद्दाम ठासून सांगतेय, कारण इथेच माणसं फसतात. काही वर्षांपूर्वी एक निवृत्त गृहस्थ माझ्याकडे आले होते. प्लॅस्टिकच्या पिशवीत घडी घातलेला आदेश, आणि त्याला टाचलेली एकोणीस स्मरणपत्रं. प्रत्येकावर गोल शिक्का, आवक क्रमांक, तारीख. इतकं नीटनेटकं काम मी वकिलांच्या ऑफिसातही क्वचित बघितलंय. पण मुदत संपून वर्ष आणि वर दोन महिने झाले होते. ते मला पुन्हापुन्हा विचारत राहिले, "मी गप्प बसलो नव्हतो ना, मॅडम?" नव्हते बसले. तरीही अवमानाचा रस्ता बंद झाला होता, आणि त्याच आदेशाच्या अंमलबजावणीसाठी नवी रिट करावी लागली. "रोज आदेश पाळत नाहीत म्हणजे रोज नवा अवमान होतो" हा युक्तिवाद तुम्हाला कुणीतरी ऐकवेल. तो काही प्रकरणांत चालतो, पण सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये अशाच युक्तिवादावर चाललेल्या एका प्रकरणात मुदत संपल्याचं ठरवून याचिका उडवली. ज्याच्या हातात अजून साडेतीन महिने आहेत त्याने त्या युक्तिवादाच्या भरवशावर कशाला राहायचं?

आता आदेश हातात घ्या आणि शेवटचं पान वाचा. सुरुवातीची पानं हकिकतीची असतात, तिथे तुमच्या मिस्टरांवर कसा अन्याय झाला ते लिहिलेलं असतं आणि ते वाचून मन भरून येतं. पण अवमान याचिकेत कोर्ट शेवटच्या चार-पाच ओळीच बघतं. कुणाला, काय, किती दिवसांत करायला सांगितलंय. त्या ओळींच्या बाहेर अवमानाचं कोर्ट जात नाही. तुमच्या पत्रावरून त्यात दोन वेगळ्या गोष्टी दिसतात आणि तुमच्या घरात त्या एकत्र झाल्यात.

पहिली, पेन्शनची. सेवा धरावी आणि प्रस्ताव आठ आठवड्यांत पाठवावा. इथे अधिकाऱ्याला विचार करायला जागाच ठेवलेली नाही. कोर्टाने ठरवून टाकलंय, त्यांनी फक्त करायचंय. न केलं तर आदेशभंग सरळ दिसतो.

दुसरी, वेतननिश्चितीची. इथे कोर्टाने वेतन वाढवून द्या असं म्हटलेलं नाही. "कायद्यानुसार निर्णय घ्या" म्हटलंय. त्यांनी निर्णय घेतला, उशिरा घेतला, तुमच्या विरोधात घेतला. सहा आठवडे १४ एप्रिलला संपत होते आणि पत्र आलं ऑगस्टमध्ये, तेव्हा उशीर झाला हे खरंच. पण निर्णय चुकीचा आहे म्हणून अवमान झाला असं म्हणता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये सांगितलेलं हे तत्त्व आजही रोज वापरलं जातं: आदेशाप्रमाणे निर्णय घेतला गेला, मग तो बरोबर असो की चूक, त्याविरुद्ध नवीन कारण निर्माण होतं आणि त्याला नव्याने आव्हान द्यायचं असतं. तेव्हा ते ऑगस्टचं पत्र वेगळ्या फाईलला लावा. त्यासाठी स्वतंत्र रिट करायची की नाही हे वकिलांशी बसून ठरवा, आणि फार वेळ न घालवता ठरवा. अवमान याचिकेत मात्र सगळा भर पेन्शनच्या प्रस्तावावर ठेवा. दोन्ही एकत्र कालवलं तर सरकारी वकील नेमकं वेतननिश्चितीचं पत्र दाखवतील, "माय लॉर्ड, आदेशाचं पालन झालेलं आहे" म्हणतील, आणि पेन्शनचा मुद्दा त्या गोंधळात मागे पडेल. असं होताना मी बघितलंय.

याच कारणाने व्याजाचाही विचार आधीच करून ठेवा. २०१६ पासूनच्या थकबाकीवर व्याज मिळावं असं तुम्हाला वाटणार, आणि वाटायलाच हवं. पण आदेशात व्याजाचा शब्द नसेल तर अवमानाचं कोर्ट तो घालून देणार नाही. ती मागणी वेगळी करावी लागेल.

याचिका टाकण्याआधी एक चौकशी करा, आणि ती मुलाने स्वतः शाळेत जाऊन करावी. अनुदानित शाळेतल्या कर्मचाऱ्याचा पेन्शनचा प्रस्ताव तयार होतो मुख्याध्यापकांच्या टेबलावर. सेवापुस्तक, नमुने, फोटो, वारसाची कागदपत्रं लावून शाळा तो शिक्षणाधिकाऱ्यांकडे देते आणि तिथून तो महालेखापालांकडे जातो. आदेशानंतर शाळेने सुधारित प्रस्ताव दिलाय का? साडेतीन वर्षं धरून सेवापुस्तकात नोंद झालीय का? मिस्टर गेल्यानंतर आता दोन गोष्टी मागायच्या आहेत, २०१६ ते २०२१ ची त्यांची थकबाकी आणि त्यापुढचं तुमचं कुटुंब निवृत्तिवेतन. दोन्हींचे कागद त्यात आहेत का? मी हे विचारतेय याचं कारण असं की कलम २(ब) मध्ये दिवाणी अवमानाची व्याख्या "जाणूनबुजून केलेला आदेशभंग" अशी आहे. "जाणूनबुजून" या एका शब्दावर बऱ्याच अवमान याचिका फसतात. "शाळेकडून प्रस्तावच आला नाही, आम्ही पाठवणार काय?" असं उत्तर आलं आणि ते खरं निघालं, तर तुमचे सहा महिने गेले. म्हणून शाळेकडून लेखी घ्या की प्रस्ताव अमुक तारखेला, अमुक जावक क्रमांकाने दिला. दिलेला नसेल तर या आठवड्यात द्यायला लावा.

आता त्या साहेबांच्या उत्तरांकडे.

"अभिप्रायाला गेलंय." अभिप्राय मागवायला कुणाची हरकत नाही, पण त्याने आदेशाची मुदत थांबत नाही. शासनाला आदेश मान्य नसेल तर अपील किंवा पुनर्विलोकन अर्ज करावा आणि स्थगिती आणावी. नुसतं अपील दाखल केल्यानेसुद्धा आदेश थांबत नाही, स्थगिती हातात हवी. वेळ कमी पडत असेल तर कोर्टाकडे मुदतवाढीचा अर्ज करावा, आणि रास्त कारण असेल तर कोर्ट ती देतंही. यातलं काहीच न करता फाईल एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर फिरवत राहणं, याला कायद्यात कुठेही आधार नाही. हायकोर्टाच्या संकेतस्थळावर तुमच्या मूळ केसचा क्रमांक टाकून बघा, पुनर्विलोकनाचा किंवा मुदतवाढीचा अर्ज आलाय का ते कळेल. आलेला नसेल तर तसं याचिकेत एका ओळीत लिहा.

"माझ्या काळातलं नाही." अवमान हा खुर्चीवर बसलेल्या माणसाकडून होतो, म्हणून याचिकेत हुद्द्याबरोबर नाव लागतं. मुदत चालू असताना कोण होतं आणि आता कोण आहे, दोघांची नावं आणि कार्यकाळ हवा. त्यासाठी माहिती अधिकाराचा अर्ज करता येतो, पण त्याहून सोपी गोष्ट सांगते. बहुतेक साहेबांच्या दालनात खुर्चीमागच्या भिंतीवर लाकडी फलक असतो. पांढऱ्या अक्षरांत नावं, पुढे "पासून" आणि "पर्यंत". मुलाला पुढच्या खेपेला तो नीट वाचून यायला सांगा. आणि नव्या साहेबांना आदेशाची प्रत त्यांच्या नावाने, सोबत एक पानाचं पत्र लावून, पुन्हा द्या. एक बारनिशीत, म्हणजे टपाल घेणाऱ्या टेबलावर, देऊन पोच घ्यायची, एक स्पीड पोस्टाने. पत्रात आदेशाची तारीख, मुदत कधी संपली, आणि पंधरा दिवसांत प्रस्ताव न पाठवल्यास अवमान याचिका दाखल करू, एवढंच लिहायचं. अशी नोटीस कायद्याने सक्तीची नाही. पण ती दिली की "मला माहीतच नव्हतं" हे त्यांना म्हणता येत नाही आणि आदेशाचं ओझं त्यांच्याही खांद्यावर येतं. पंधराव्या दिवशी उत्तर नसेल तर सोळाव्या दिवशी वकिलांकडे जा.

त्या बाबूचं वाक्य वाचून मला मनापासून राग आला. ज्या बाईचा नवरा पेन्शनची वाट बघत गेला तिच्या मुलाला हे ऐकवावं? पण ताई, ते याचिकेत लिहू नका. त्या वाक्याने आदेशभंग सिद्ध होत नाही, आणि सिद्ध करायला तुमच्याकडे पुरावाही नाही. ज्याला कोर्टाने आदेशच दिला नव्हता त्या कारकुनाला पक्षकार करण्यातही अर्थ नाही. चांगली अवमान याचिका दोन-चार पानांची असते. आदेश, प्रत दिल्याची पोच, मुदत संपल्याची तारीख, त्यानंतर काय झालं नाही. बस. जितका राग कमी, तितकी ती कोर्टाला लवकर पटते.

मुलाचा राग मला समजतो. पण त्याला एक गोष्ट शांतपणे सांगा: अवमान कोर्टाचा झालाय, तुमचा नाही. तुम्ही फक्त कोर्टाच्या कानावर घालता की त्याचा आदेश पाळला गेला नाही. पुढे कुणाला काय शिक्षा द्यायची, द्यायची की नाही, ते कोर्ट आणि तो अधिकारी यांच्यातलं. कायद्यात शिक्षा आहे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. आणि मनापासूनची माफी कोर्टाला पटली तर ती शिक्षाही माफ होऊ शकते. शिक्षा होतच नाही असं नाही. मे २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आपल्याच राज्याचे वनमंत्री राहिलेले स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना लाकूड गिरण्यांच्या परवानग्यांवरून एकेक महिन्याची साधी कैद दिली होती. १९९४ मध्ये उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याण सिंह यांना एक दिवसाची कैद आणि दोन हजार दंड झाला. मे २०२५ मध्ये आंध्र प्रदेशातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला, हायकोर्टाचा आदेश डावलून झोपड्या पाडल्याबद्दल, पदावनत करून खालच्या पदावर बसवण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला. पण ही प्रकरणं लक्षात राहतात ती दुर्मीळ आहेत म्हणूनच. आणि हायकोर्टाने शिक्षा दिलीच तर तिच्याविरुद्ध अपिलाचा हक्क आहे, तिथे ती बहुधा थांबते. त्या अपिलात तुमची आणखी दोन वर्षं जावीत असं तुम्हाला वाटतं का? मला तर नाही वाटत.

"साहेबाला कोर्टात उभं करू" हेही आता पूर्वीइतकं सहज होत नाही. ३ जानेवारी २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांना कोर्टात बोलावण्याबद्दल एक कार्यपद्धती घालून दिली. ऊठसूट हजर राहायला सांगायचं नाही, गरज असेल तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सिंगचा पर्याय द्यायचा, हजर झालेल्या अधिकाऱ्याच्या कपड्यांवर किंवा शिक्षणावर शेरे मारायचे नाहीत, असं त्यात आहे. त्याआधी उत्तर प्रदेशात एका अवमान प्रकरणात अलाहाबाद हायकोर्टाने दोन वरिष्ठ अधिकाऱ्यांना ताब्यात घ्यायला लावलं होतं, त्यातून हे आलं. काही वकिलांना ही कार्यपद्धती अधिकाऱ्यांना पाठीशी घालणारी वाटते. मला तसं वाटत नाही. मला माझ्या पक्षकाराचा प्रस्ताव गेलेला हवा असतो, अधिकाऱ्याची खाली गेलेली मान नको असते.

मग प्रत्यक्षात होतं काय? याचिका बोर्डावर येते, कोर्ट नोटीस काढतं. सरकारी वकील पहिल्या तारखेला "सूचना घ्यायला वेळ द्या" म्हणतात. त्याच दिवशी त्यांच्या कार्यालयातून त्या अधिकाऱ्याला फोन जातो, पत्र जातं. या वेळी कागदावर त्यांचं स्वतःचं नाव असतं आणि सगळं तिथे बदलतं. माझ्या एका प्रकरणात चौदा महिने अडलेला प्रस्ताव तारखेच्या आदल्या संध्याकाळी निघाला. सकाळी कोर्टाच्या व्हरांड्यात एका कनिष्ठ अधिकाऱ्याने त्याची प्रत माझ्या हातात दिली. जावक क्रमांकाच्या शिक्क्याची जांभळी शाई माझ्या बोटाला लागली. त्या कागदाला चौदा महिने कुठली तांत्रिक अडचण नव्हती, त्याला फक्त एक सही हवी होती. त्या सहीसाठी एक निवृत्त माणूस तीन एस.टी. बदलून खेपा घालत होता. हे आठवलं की आजही वाईट वाटतं.

या टप्प्यावर एक काळजी घ्या. सरकारी वकील उठून म्हणतील, "आम्ही लवकरच करतोय, याचिका निकाली काढावी." "लवकरच" वर याचिका सोडू नका. तुमच्या वकिलांना सांगून ठेवा: एकतर प्रस्ताव गेल्याचा कागद रेकॉर्डवर येऊ द्या, नाहीतर अधिकाऱ्याची तारखेसह लेखी हमी कोर्टाच्या आदेशात नोंदवून घ्या. कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं हासुद्धा कायद्याने अवमानच आहे, आणि तो नवा असतो, त्याचं वर्षही नव्याने मोजलं जातं. प्रस्ताव महालेखापालांकडे गेल्यावर तिथून त्रुटी निघून परत येऊ शकतो, तेव्हा शक्य असेल तर हमीत "त्रुटी आल्यास इतक्या दिवसांत पूर्तता करू" हेही घालून घ्या.

टीव्हीवर अधूनमधून जिल्हाधिकारी कार्यालयातल्या खुर्च्या आणि जीप जप्त करायला बेलिफ आल्याचं दाखवतात, ते बघून मुलगा म्हणेल आपणही जप्ती आणू. तो रस्ता वेगळा आहे. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्यासारखा दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामा असतो, त्याच्या अंमलबजावणीसाठी दरखास्त लावली जाते आणि त्यात जप्ती होते. तुमचा रिटमधला आदेश आहे, तुम्हाला तो रस्ता नको.

आता दिरांचं म्हणणं. त्यांना भित्रे म्हणू नका, गावात राहणाऱ्या माणसाला साहेबाची भीती अनुभवातून आलेली असते. पण तुमच्या बाबतीत हिशेब करून बघा. मिस्टर निवृत्त होऊन दहा वर्षं होत आली. आता त्यांची बदली करता येणार नाही, वेतनवाढ रोखता येणार नाही, चौकशी लावता येणार नाही. अधिकाऱ्याच्या हातात तुमची एकच गोष्ट होती, ती फाईल, आणि ती त्यांनी आधीच अडवलेली आहे. याचिका टाकल्यावर त्या फाईलवर निदान कोर्टाची नजर राहील. आजवर इतक्या प्रकरणांत मी अवमानानंतर काम लांबलेलं बघितलं असेल, पण अवमान टाकला म्हणून पेन्शन कायमची बुडाली असं एकही प्रकरण माझ्या बघण्यात नाही. वैराचंच म्हणाल तर याचिका सभ्य भाषेत लिहिलेली असली की बहुतेक अधिकारी ती मनाला लावून घेत नाहीत. त्यांच्या कपाटात अशा बऱ्याच असतात.

फीचं दडपण घेऊ नका. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला, तिचं उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. खंडपीठाच्या इमारतीतच उच्च न्यायालय विधी सेवा उपसमितीचं कार्यालय आहे, तिथे अर्ज करा. किंवा तुमच्या तालुक्याच्या कोर्टात तालुका विधी सेवा समिती असते, ती तो अर्ज पुढे पाठवते. पण वेळ कमी आहे, तेव्हा शक्य तर मुलाने थेट खंडपीठात जावं. आधीच्या वकिलांचीही एकदा भेट घ्या. मूळ केस त्यांना पाठ असेल, आणि राहिलेली फी थकबाकी आल्यावर देते असं मोकळेपणाने सांगितलंत तर बरेच वकील ऐकतात. त्यांच्याकडून निदान रिटचा संच आणि आदेशाची प्रमाणित प्रत नक्की आणा. दिवाणी अवमानासाठी महाधिवक्त्यांची परवानगी लागत नाही, ती फौजदारी अवमानाच्या वेळी लागते. कुणी त्या नावाखाली वेगळा खर्च सांगितला तर तो देऊ नका.

आणि ती ३ मार्चची पोच. तिच्या दोन झेरॉक्स काढा, मोबाइलवर फोटो काढून मुलाला आणि दिरांना दोघांनाही पाठवा. मूळ कागद घरात ठेवा, कुणी मागितला तरी कार्यालयात देऊ नका. साडेतीन महिन्यांचं सगळं गणित त्या एका शिक्क्यावर उभं आहे.

मिस्टर म्हणायचे निकाल लागला की सगळं होईल. त्यांचं चुकलं नव्हतं, ताई. कोर्टाचा आदेश म्हणजे काम झालंच असं त्यांनी मानलं, आणि कुठल्याही नागरिकाला तसंच मानता आलं पाहिजे. मूळ रिटच्या पहिल्या पानावर त्यांचं नाव आहे, त्यापुढे "मयत, वारसांमार्फत" असं लिहून खाली तुमचं. अवमान याचिकेच्या पहिल्या पानावर याचिकाकर्ती म्हणून सुरुवातीलाच तुमचं नाव येईल. वकालतनाम्यावर सही करायला नुसतं मुलाला पाठवू नका, ती तुम्हीच करा. जाताना आधार कार्ड, मृत्यूचा दाखला आणि आदेशाची प्रत बरोबर ठेवा, आणि नोटीस निघाली की मला एक ओळ कळवा.